एल्मार वेपर यांच्याविषयी माहिती हवी आहे

प्रश्न: डोरिस ड्योरी यांचा २००८ सालचा ‘किर्शब्ल्यूटेन’ हा जर्मन चित्रपट नुकताच पाहिला. पत्नीच्या निधनानंतर टोकियोला जाऊन, कोटाच्या आत तिचेच कपडे घालून, चेरीचा बहर जणू तिलाच दाखवत फिरणाऱ्या विधुराची भूमिका करणारे एल्मार वेपर त्याआधी काय करत होते?

प्रतिसाद १: मुख्यतः दूरचित्रवाणी. त्यांचा जन्म १९४४ सालचा, आउग्सबुर्गचा. थोरले बंधू फ्रिट्झ १९७४ मध्ये ‘डेर कोमिसार’ ही पोलीसमालिका सोडून ‘डेरिक’कडे गेले, तेव्हा त्यांची जागा एल्मार यांनी घेतली, गंमत म्हणजे कथेतही ते फ्रिट्झ यांच्या पात्राचे भाऊच होते. पुढे म्युनिकच्या एका पोलीस ठाण्यावरील मालिकेत ते १९७७ ते १९८८ या काळात दिसले.

प्रतिसाद २: चेहऱ्याइतकाच त्यांचा आवाजही जर्मन प्रेक्षकांच्या ओळखीचा असावा, कारण मेल गिब्सन यांचे संवाद जर्मनमध्ये वर्षानुवर्षे तेच म्हणत असत.

प्रतिसाद ३: आपण पाहिलेल्या भूमिकेसाठीच त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा जर्मन चित्रपट पुरस्कार मिळाला, तोही चौसष्टीच्या उंबरठ्यावर! मला तो फारच उशिरा मिळाला असे वाटते. ऑक्टोबर २०२३ मध्ये ते गेले आणि पाचच महिन्यांनी फ्रिट्झही.