पीएस४ (प्लेस्टेशन ४ कन्सोल) ची जागा: सेव्ह जात नाही, बिनधास्त काढा
गेम डिलीट केला की सेव्हही (गेममधली आपली साठवलेली प्रगती) जातो म्हणून जुने गेम काढवत नाहीत, असं काही जण म्हणतात, पण पीएस४ वर तसं होत नाही. सेव्ह डेटा वेगळा राहतो, गेम परत टाकला की सोडला तिथूनच सुरू. अजून एक म्हणजे, गेमचं अपडेट टाकताना पीएस४ गेमची कॉपी बनवतो, त्यामुळे ५० जीबीच्या गेमला छोटासा पॅच (दुरुस्तीचं अपडेट) आला तरी जवळपास तेवढीच जागा रिकामी मागतो आणि आपण गोंधळतो. अशा वेळी आधी पीएस४ मधली कॅप्चर गॅलरी उघडा, कंट्रोलरच्या शेअर बटणाने साठलेले व्हिडिओ गेमवार पडलेले असतात, मी तरी सफाई तिथूनच सुरू करतो. बाहेरची यूएसबी ३.० हार्ड डिस्क पीएस४ च्या २०१७ मधल्या ४.५० सिस्टीम अपडेटपासून गेम ठेवायला चालते, किमान २५० जीबी हवी, पण जोडताना ती फॉरमॅट होते, म्हणजे त्यावरचं सगळं पुसलं जातं, त्यामुळे फोटोबिटो आधी काढून घ्या प्लीज.