फिलिपिनो पॉप कुणी घडवलं? ‘व्हिकॉर’नं की सरकारी आदेशानं?

तबकडी (धागालेखक)

आखातात नोकरी केलेल्या बऱ्याच मराठी मंडळींनी फिलिपिनो गायक फ्रेडी आगिलारचं ‘आनाक’ ऐकलं असेल. फिलिपिनो सहकाऱ्यांकडे कराओके सुरू झालं की हे गाणं होतंच. आईवडिलांना दुखावून घर सोडलेल्या मुलाचं, तागालोगमधलं (म्हणजे मनिलाकडच्या भाषेतलं) गाणं. १९७८ साली मनिलाच्या ‘व्हिकॉर म्युझिक कॉर्पोरेशन’नं त्याची तबकडी काढली आणि ज्यांना तागालोगचा गंध नाही अशा देशांतही ते गाजलं. पुढे कितीतरी भाषांत त्याची रूपं झाली.

व्हिक डेल रोझारिओ आणि ऑर्ली इलाकाद या नात्यातल्या दोन तरुणांनी साठच्या दशकाच्या मध्यावर ही कंपनी काढली. दोघांच्या नावांतून कंपनीचं नाव झालं. ऑर्ली स्वतः ‘रॅमरॉड्स’ बँड चालवायचा. त्या काळी मनिलाच्या रेडिओवर अमेरिकन गाण्यांचं राज्य होतं आणि स्थानिक गायकाची लायकी तो एल्व्हिससारखा किती गातो यावर ठरायची. त्या बाजारात व्हिकॉरनं सनशाइनसारखी उपलेबलं काढून वान दे ला क्रूझ बँडचं तागालोग रॉक, आसिन या बँडची लोकगीताच्या वळणाची गाणी आणि व्हीएसटी अँड कंपनी या बँडचा डिस्को असं सगळं एकाच छपराखाली आणलं. माझं ठाम मत आहे की आज ज्याला ‘ओपीएम’, म्हणजे फिलिपिनोंचं स्वतःचं पॉप संगीत म्हणतात, ते उभं करण्यात सर्वांत मोठा वाटा या एका कंपनीचा आहे. तुम्हाला काय वाटतं?

मंदार_रेडिओ

विषय आवडला, निष्कर्ष अजिबात पटला नाही. श्रेय कंपनीला देताना रेडिओला विसरून कसं चालेल? राष्ट्राध्यक्ष मार्कोसनं १९७२ मध्ये मार्शल लॉ, म्हणजे लष्करी कायदा लावला. १९७५ मध्ये प्रसारण माध्यमांच्या मंडळानं आदेश काढला की प्रत्येक स्टेशननं दर तासाला फिलिपिनो गाणं वाजवलंच पाहिजे. तुम्ही सांगताय ती व्हीएसटी, आसिन, आगिलार, शिवाय गायिका शारोन कुनेता, ही सगळी नावं त्यानंतरच मोठी झाली. १९८७ मध्ये मार्कोसनंतर आलेल्या राष्ट्राध्यक्ष कोराझोन आकिनोंनी कार्यकारी आदेश २५५ काढून ही संख्या तासाला किमान चार गाण्यांवर नेली. ज्या राष्ट्राध्यक्षांनी मार्कोसच्या बहुतेक गोष्टी मोडीत काढल्या, त्यांनी ही एक मात्र वाढवली.

कंपनी माल बनवते, पण तो वाजणार याची हमी असेल तरच त्यात पैसा घालते. मुंबईच्या खासगी एफएमवर मराठी गाणं ऐकायला किती भांडावं लागलं ते आपण पाहिलंय. गाणी आपल्याकडेही होती. हमी नव्हती.

तबकडी

मंदार, क्रम नीट लावू या. वान दे ला क्रूझचं ‘हिमिग नातिन’ १९७३ चं आहे, आदेशाच्या दोन वर्षं आधीचं. हॉटडॉग या बँडनं तागालोग-इंग्रजीची सरमिसळ करून ‘मनिला साउंड’ या पॉप शैलीचा पाया घातला तो १९७४ मध्ये, आणि ती व्हिकॉरची कामगिरी आहे असं मी म्हणतही नाही. ऐकणारे आधीच तयार झाले होते. आदेशानं त्यांच्यापर्यंत वाट रुंद केली, एवढं मान्य.

आणि आदेशानं आसिन मिळाला असता का? १९७८ च्या त्यांच्या पहिल्या अल्बममध्ये कोताबातोवरचं गाणं आहे, म्हणजे दक्षिणेकडच्या मिंदानाओ बेटावरच्या रक्तपाताबद्दलचं. ‘मास्दान मो’ हे नद्या आणि हवा नासल्याबद्दलचं गाणंही त्यातलंच. मार्शल लॉ चालू असताना हे छापायचं म्हणजे कुणीतरी कंपनीत बसून ‘हो’ म्हणावं लागतं. तासाला एक गाणं वाजवायचंच होतं तर गोड प्रेमगीतांवर सहज भागलं असतं.

सई_दोहा

माझ्यासोबत फिलिपिन्सच्या सेबू बेटाकडच्या तीन नर्सेस आहेत. त्यांच्यासमोर ‘व्हिकॉरनं फिलिपिनो संगीत घडवलं’ म्हटलं तर त्या पहिला प्रश्न विचारतील: कुठल्या फिलिपिन्सचं? त्या घरी सेबुआनो ही तिकडची भाषा बोलतात. गायक योयोय व्हिलामे हा सेबूजवळच्या बोहोल बेटाचा, गाडी चालवणारा माणूस. दर्यावर्दी मॅगेलन आणि स्थानिक सरदार लापुलापूच्या लढाईवरचं त्याचं गाणं आधी तिकडच्याच छोट्या लेबलनं काढलं आणि गाजवलं. मनिलाच्या कंपनीनं त्याला नंतर उचललं. घडवलं कुणी आणि विकलं कुणी, हा फरक करायलाच हवा.

शिवाय व्हिकॉरच्या आधी काहीच नव्हतं असा सूर तुमच्या लेखात आहे. मानुएल व्हिलार यांची व्हिलार रेकॉर्ड्स १९५० ची. मबुहाय सिंगर्स १९५८ पासून तिथे कुंदिमान (पारंपरिक प्रेमगीतं) आणि वेगवेगळ्या प्रांतांची लोकगीतं गात होते. ते संगीत फिलिपिनो नव्हतं का?

घराणेशाहीचंही बोला. शारोन कुनेता बारा वर्षांची असताना ‘मिस्टर डीजे’ गायली. वडील पासाय शहराचे महापौर, आणि मावशीचे यजमान टिटो सोटो व्हिकॉरमध्येच मोठ्या पदावर. तेच व्हीएसटीमध्येही. मुलगी गुणी होती यात शंका नाही, पण ते दार बोहोलच्या ड्रायव्हरसाठी तसं उघडत नव्हतं.

तबकडी

सईताई, व्हिलारचा मुद्दा शंभर टक्के रास्त आहे आणि तो यायलाच हवा होता. पण तुम्ही सांगताय तो व्हिलारचा ठेवा जपणुकीचा होता. मनिलाच्या कॉलेजातल्या पोराला रेकॉर्ड प्लेयरवर स्वतःच्या भाषेत नाचता येईल असं संगीत म्हणजे ते कुंदिमान नव्हे, आणि पॉपचा प्रश्न तिथेच सुरू होतो.

दाराबद्दल: आगिलारचं कोण होतं कंपनीत? वडिलांना त्याला वकील करायचं होतं. तो घर सोडून ओलोंगापो शहरात अमेरिकन नाविकांसमोर गिटार वाजवत होता. ‘आनाक’ पहिल्या मेट्रो मनिला पॉप्युलर म्युझिक फेस्टिव्हलच्या अंतिम फेरीत पोचलं. पहिलं बक्षीस संगीतकार रायन कायाब्याबच्या, हाजी आलेहांद्रोनं गायलेल्या गाण्याला गेलं. न जिंकलेल्या गाण्याच्या मागे कंपनी उभी राहिली.

मंदार_रेडिओ

कंपनी ‘उभी राहिली’ म्हणताय, पण ते गाणं तिच्यापर्यंत पोचलं महोत्सवातून. म्हणजे पुन्हा बाहेरचीच यंत्रणा.

आणि पुढचं काय? इलाकाद बाहेर पडले आणि त्यांनी ऑक्टोआर्ट्स काढली. डेल रोझारिओंनी व्हिवा उभी केली, आधी चित्रपट, मग संगीत. त्यानंतर गायक चित्रपटासाठी आणि चित्रपट गायकासाठी अशी साखळी तयार झाली. नव्वदच्या दशकात इरेझरहेड्स या बँडचा सूर ‘पुरेसा पॉप नाही’ म्हणून त्यांना नकार मिळत होते. शेवटी १९९३ मध्ये त्यांचा पहिला अल्बम काढला तो बीएमजीनं, म्हणजे परदेशी कंपनीच्या फिलिपिन्समधल्या शाखेनं. स्थानिक मालकी म्हणजे आपोआप धाडस, हे समीकरण तिथे कोसळतं. तासाला चार गाण्यांचा नियम मात्र बीएमजीच्या बँडलाही तितकाच उपयोगी पडला, कारण नियम गाणं कुणाचं आहे हे बघत होता, लेबल कुणाचं हे नाही.

सई_दोहा

मंदारदा, नियमाचा तोटाही बघा. तासाला चार म्हटलं की स्टेशनं तीच ती गाजलेली, मनिलाची, तागालोग गाणी फिरवत राहतात. सेबुआनो गाणंही त्या नियमात बसतं, तरी ते लावा असं कुणी सांगत नाही. माझं भांडण तुमच्या दोघांशी आहे: एक मनिलाच्या कंपनीला श्रेय देतोय, दुसरा मनिलाच्या सरकारला.