मदत हवी आहे: डच मूकाभिनय आणि लेनी ब्रेडरफेल्ड

नमस्कार मंडळी. आमच्या नाट्यवाचन गटात पुढच्या महिन्यात मला डच अभिनेत्री लेनी ब्रेडरफेल्डवर बोलायचं आहे. ही बाई मूळची मूकाभिनयाची. 1989 मध्ये बेपी मेलिसेन आणि रेने फान्ट हॉफ यांच्याबरोबर तिने 'कार्व्हर' ही नाटकमंडळी काढली, शिवाय सिनेमा-मालिकांतही दिसली.

आपल्याकडे माईम म्हटलं की युवा महोत्सवातला पांढरा चेहरा आणि अदृश्य भिंत! अॅमस्टरडॅममध्ये मात्र त्याचं चार वर्षांचं वेगळं पदवीशिक्षण आहे. या परंपरेच्या मुळाशी एत्येन दक्रू, म्हणजे प्रसिद्ध फ्रेंच मूकाभिनेते मार्सेल मार्सो यांचे गुरू. त्यांचा भर चेहऱ्यापेक्षा धडावर. आणि गंमत म्हणजे डच माईमवाले रंगमंचावर खुशाल बोलतात, नाटकंही स्वतःच रचतात.

अडचण अशी की मला डच येत नाही. 'कार्व्हर'च्या प्रयोगांचं इंग्रजी उपशीर्षकांसह चित्रीकरण कुठे बघायला मिळेल? नेदरलँड्समध्ये राहणाऱ्या कुणी तिला रंगमंचावर पाहिलंय का? ती उभी कशी राहते, चालते कशी, थांबते कुठे, एवढं सांगितलंत तरी चालेल. कथानक नको, ते मी कसंही मिळवीन.