मदत हवी आहे : ‘एपोप्रोस्टेनॉल’ या औषधनावाचा नेमका अर्थ आणि मराठीतील वापर

नमस्कार.

माझ्या थोरल्या बहिणीला फुप्फुसांकडे रक्त नेणाऱ्या धमन्यांमधील उच्च रक्तदाबाचा आजार आहे आणि तिला अलीकडेच एपोप्रोस्टेनॉल हे औषध सुरू करण्यात आले आहे. छातीच्या वरच्या भागातून मोठ्या शिरेत बसवलेल्या नळीवाटे, कमरेला बांधलेल्या लहानशा पंपाच्या साहाय्याने, ते रात्रंदिवस तिच्या रक्तात जात असते. औषधासोबत मिळालेली माहितीपुस्तिका इंग्रजीत आहे. घरातील सर्वांना, विशेषतः आई-बाबांना, ती समजावी म्हणून मी मराठीत दोन पानांचे टिपण लिहायला घेतले आणि औषधाच्या नावापाशीच अडकले. नाव नीट न कळल्यामुळे घरात जे गैरसमज झाले ते आधी सांगते, म्हणजे मी एका शब्दासाठी एवढी का अडून बसले आहे ते लक्षात येईल.

आईने नाव वाचताच विचारले, की प्रोस्टेटचे औषध बाईमाणसाला कशासाठी. मावसभावाला त्यातील ‘एपो’ एवढेच ओळखीचे वाटले, कारण मूत्रपिंडाच्या रुग्णांना रक्तवाढीसाठी दिल्या जाणाऱ्या एरिथ्रोपोएटिनला बोलताना ‘एपो’ म्हणतात. त्यामुळे ताईच्या अंगात रक्त कमी आहे, असे त्याने इतर नातेवाइकांना कळवूनही टाकले. या दोन गैरसमजांनी मनस्ताप झाला, एवढेच. तिसरा मात्र माझ्या चुकीमुळे झाला. पुस्तिकेत काही ठिकाणी ‘प्रोस्टासायक्लिन’ असा शब्द आहे. तो उच्चारायला सोपा म्हणून मी टिपणात सगळीकडे तोच घातला. बाबांनी तो टेट्रासायक्लिन, डॉक्सिसायक्लिन यांच्या पंगतीत बसवला, हे एखादे प्रतिजैविक आहे असे ते धरून चालले, आणि पाच-सात दिवसांचा कोर्स संपला की पंप काढता येईल ना, असे त्यांनी ताईलाच विचारले. हे औषध अचानक थांबले तर फुप्फुसांतील दाब पुन्हा उसळून जिवावर बेतू शकते, अशी सूचना त्याच पुस्तिकेच्या सुरुवातीला ठळक अक्षरांत आहे. माझ्या सोयीच्या एका शब्दाने ती सूचना झाकली गेली, याचे मला फार वाईट वाटले.

माझ्या वाचनातून मला असे समजले आहे, की प्रोस्टासायक्लिन हा आपल्याच रक्तवाहिन्यांच्या आतल्या अस्तरात तयार होणारा पदार्थ आहे, तो वाहिन्यांच्या भिंती सैल करतो आणि रक्तपट्टिकांना एकमेकींना चिकटू देत नाही. मग औषधाला तेच नाव न देता एपोप्रोस्टेनॉल असे वेगळे नाव का दिले गेले, आणि दोन्ही नावे एकाच वस्तूची असतील तर मराठी टिपणात कोणते कुठे वापरावे, हा माझा मुख्य प्रश्न आहे. त्याच्याच जोडीने, या नावातील ‘एपो’, ‘प्रोस्ट’ आणि ‘एनॉल’ हे तुकडे कोठून आले आणि ‘प्रोस्ट’चा त्या ग्रंथीशी खरोखर काही संबंध आहे का, हे कोणी उलगडून सांगितले तर आईच्या प्रश्नाला मला प्रामाणिक उत्तर देता येईल. एखादा सुटसुटीत मराठी प्रतिशब्द असल्यास तोही हवा आहे. उपचारांबाबतचे सर्व निर्णय ताईचे डॉक्टरच घेत आहेत. येथे मला शब्दाविषयीच मदत हवी आहे.

प्रतिसाद १

मी औषधशास्त्र शिकवतो. आपल्या आईंचा प्रश्न अगदी रास्त आहे आणि त्याचे उत्तर एका जुन्या चुकीच्या समजात दडलेले आहे. 1935 साली स्वीडनचे उल्फ फॉन ऑयलर यांनी वीर्यात सापडलेल्या एका क्रियाशील घटकाला ‘प्रोस्टाग्लँडिन’ असे नाव दिले, कारण तो प्रोस्टेट ग्रंथीत तयार होतो असे त्या वेळी वाटले होते. प्रत्यक्षात वीर्यातील हा घटक मुख्यतः शुक्राशयातून येतो, आणि पुढे तर असेही दिसून आले, की या कुळातील पदार्थ स्त्री-पुरुष दोघांच्याही शरीरांत जवळजवळ सर्व ऊतींमध्ये तयार होतात. तोवर नाव रुळले होते, ते तसेच राहिले. तेव्हा आईंना निःशंकपणे सांगा, की ‘प्रोस्ट’ हे एका मोठ्या रासायनिक कुळाचे आडनाव आहे आणि हे औषध त्या ग्रंथीसाठी नाही.

हे आडनाव लावणारी इतर औषधे पाहिली तर मुद्दा अधिक स्पष्ट होईल. लॅटानोप्रोस्ट हे काचबिंदूत डोळ्यांत घालायचे थेंब आहेत, मिसोप्रोस्टॉल गर्भाशयावर आणि जठराच्या अस्तरावर काम करते, तर आयलोप्रोस्ट आणि ट्रेप्रोस्टिनिल ही आपल्या ताईंच्या औषधाची सख्खी भावंडे असून तीही याच आजारात वापरली जातात. यांपैकी एकही प्रोस्टेटच्या उपचाराचे औषध नाही. जागतिक आरोग्य संघटना औषधांची आंतरराष्ट्रीय अव्यापारी नावे ठरवते, आणि अशा नावांची पहिली यादी 1953 मध्ये प्रसिद्ध झाली. त्या पद्धतीत एका गटातील औषधांच्या नावांत एक सामाईक तुकडा ठेवतात, म्हणजे अनोळखी नाव पाहूनही वैद्याला त्याचे कूळ ओळखता यावे. ‘प्रोस्ट’ हा तसाच एक तुकडा आहे.

‘एपो’ हा ‘एपॉक्सी’चा संक्षेप आहे. या रेणूच्या सविस्तर रासायनिक नावात सहाव्या आणि नवव्या कार्बन अणूंना जोडणारा ऑक्सिजनचा एक पूल ‘एपॉक्सी’ या शब्दाने दाखवलेला असतो, आणि त्या पुलामुळेच रेणूत नेहमीच्या प्रोस्टाग्लँडिनांपेक्षा एक कडे जास्त तयार होते. एरिथ्रोपोएटिनच्या ‘एपो’शी त्याचे नाते योगायोगाने जुळलेल्या अक्षरांपलीकडे काहीही नाही. शेवटच्या ‘एनॉल’विषयी एवढेच, की रसायनशास्त्रात ‘ईन’ हा प्रत्यय दुहेरी बंधासाठी आणि ‘ऑल’ हा अल्कोहोल गटासाठी वापरतात, आणि या रेणूत ते दोन्ही आहेत.

आता दोन नावांविषयी. 1976 मध्ये जॉन व्हेन, साल्व्हादोर मोंकादा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी रक्तवाहिन्यांच्या भिंतीत तयार होणारा हा पदार्थ शोधला. आरंभी त्याची रचना माहीत नसल्याने त्याला प्रोस्टाग्लँडिन एक्स म्हटले गेले आणि रचना उलगडल्यावर, त्या जादा कड्यावरून, प्रोस्टासायक्लिन. (व्हेन यांना 1982 चे नोबेल पारितोषिक प्रोस्टाग्लँडिनांवरील संशोधनासाठी विभागून मिळाले.) शरीरात तयार होतो तो प्रोस्टासायक्लिन, तोच रेणू कारखान्यात तयार करून सोडियम क्षाराच्या रूपात कुपीत भरला, की त्याचे औषध म्हणून नाव एपोप्रोस्टेनॉल. वस्तू एकच, पण पहिला शब्द शरीरक्रियाशास्त्राचा आणि दुसरा औषधाच्या चिठ्ठीवरचा. म्हणून ‘ताईच्या धमन्यांत प्रोस्टासायक्लिन पुरेसे तयार होत नाही, त्यामुळे तिला एपोप्रोस्टेनॉल दिले जाते’ असे वाक्य दोन्ही शब्द आपापल्या जागी ठेवते.

प्रतिसाद २

बाबांच्या गैरसमजाबद्दल भाषेच्या बाजूने थोडे लिहितो, कारण त्यात त्यांचा किंवा आपला दोष फार थोडा आहे. रोमन लिपीत प्रतिजैविकांच्या नावांतील ‘सायक्लिन’च्या शेवटी एक जादा स्वराक्षर असते आणि प्रोस्टासायक्लिनच्या शेवटी ते नसते. इंग्रजी वाचणाऱ्याच्या डोळ्यांना ती खूण दिसते. देवनागरीत आपण उच्चाराप्रमाणे लिहितो, त्यामुळे ती खूण पुसली जाते आणि टेट्रासायक्लिन व प्रोस्टासायक्लिन एकाच घरातील वाटू लागतात. मुळात दोन्हींतील ‘सायक्ल’चा अर्थ कडे किंवा वलय असाच आहे, टेट्रासायक्लिनमध्ये अशी चार कडी असतात. लिप्यंतराने येथे खरोखरच माहितीचे नुकसान होते, म्हणून कुटुंबासाठीच्या टिपणात प्रोस्टासायक्लिन हा शब्द एकदाच, खुलाशासह यावा आणि इतरत्र एपोप्रोस्टेनॉलच राहावे, असे माझे स्पष्ट मत आहे.

प्रतिशब्द मात्र घडवू नये. समजा आपण ‘धमनीशिथिलक’ असा शब्द योजला. तो अर्थवाही आहे, पण त्याच अर्थाची अनेक निरनिराळी औषधे आहेत, आणि रात्री-अपरात्री दवाखान्यात धाव घ्यावी लागली तर तेथील डॉक्टरांना त्यावरून काहीच कळणार नाही. औषधाचे नाव हे विशेषनाम समजावे. ते लिप्यंतरित करावे, भाषांतरित करू नये. हस्तलिखित टिपणात ‘एपो-प्रोस्टेनॉल’ असे संयोगचिन्ह घालून लिहिल्यास वाचणाऱ्याची जीभ अडखळत नाही. मात्र नुसते ‘एपो’ असे लघुरूप कधीही लिहू नये, आणि शेजारी रोमन लिपीतील पूर्ण नाव अवश्य द्यावे.

जाता जाता एक गोष्ट सांगावीशी वाटते. आपल्या पाठ्यपुस्तकांत प्रोस्टेटला ‘पुरःस्थ ग्रंथी’ म्हणतात. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थही ‘पुढे उभा असलेला’ असाच आहे, आणि त्यातील ‘स्टा’ व संस्कृतातील ‘स्था’ हे एकाच मुळातून आलेले आहेत. मराठी शब्द योजणाऱ्यांनी येथे अक्षरशः मूळ शब्दाच्या पावलावर पाऊल ठेवले आहे.

प्रतिसाद ३ (धागाकर्ती)

दोघांचेही मनापासून आभार. आईला ‘आडनाव’ ही उपमा लगेच पटली. सुधारलेल्या टिपणाची सुरुवात आता मी अशी केली आहे : ‘ताईचे औषध : एपो-प्रोस्टेनॉल. हे प्रतिजैविक नाही आणि याचा कोर्स नसतो. आपल्या रक्तवाहिन्यांत जो प्रोस्टासायक्लिन नावाचा पदार्थ तयार होतो, तोच यात बाहेरून दिला जातो. पंप कोणत्याही कारणाने बंद ठेवायचा नाही.’

आणखी एक शंका आहे. मात्रेच्या रकान्यात ‘नॅनोग्रॅम प्रति किलोग्रॅम प्रति मिनिट’ असे एकक आहे. ते घरच्यांसाठी सोपे करून ‘अतिसूक्ष्म मात्रा’ असे लिहिले तर चालेल का?

प्रतिसाद ४

मी परिचारिका आहे आणि अशा पंपांवरील रुग्णांची काळजी घेतली आहे. ताई, एकक सोपे करू नका. एक मायक्रोग्रॅम म्हणजे 1000 नॅनोग्रॅम आणि एक मिलिग्रॅम म्हणजे 1000 मायक्रोग्रॅम, त्यामुळे एक शब्द बदलला की मात्रा हजारपटीने चुकते. हे औषध सामान्यतः प्रति किलो प्रति मिनिट 2 नॅनोग्रॅम एवढ्या मात्रेने सुरू करून हळूहळू वाढवतात. 60 किलो वजनाच्या व्यक्तीला या दराने मिनिटाला 120 नॅनोग्रॅम, म्हणजे पूर्ण दिवसात 172.8 मायक्रोग्रॅम औषध मिळते. ते एका मिलिग्रॅमच्या पाचव्या भागाहूनही कमी आहे. एकक जसेच्या तसे लिहा, आणि ताईंच्या पंपाचा ठरलेला दर शेजारी तारखेसह लिहा, कारण तो बदलत राहतो.

आपल्या शेवटच्या वाक्याला कारण जोडावे, असे मला वाटते. रक्तात या औषधाचा अर्धायुकाल (म्हणजे त्याचे प्रमाण निम्मे होण्यास लागणारा वेळ) जेमतेम काही मिनिटांचा असतो. गोळी चुकली तर शरीरात आधीची मात्रा काही तास तरी उरते. येथे नळी निसटली किंवा पंप थांबला तर तसा शिल्लक साठा जवळपास नसतोच. म्हणून दुसरा पंप भरवशाच्या जागी तयार ठेवावा लागतो आणि तो कोठे आहे हे घरातील प्रत्येकाला ठाऊक असावे लागते. याच्या उलट बाजूचा धोकाही टिपणात लिहा : त्या नळीतून दुसरे कोणतेही औषध द्यायचे नाही आणि ती पाण्याने किंवा सलाईनने धुवायची नाही, कारण नळीत साठलेले औषध एकदम आत ढकलले जाऊन रक्तदाब धोकादायकरीत्या खाली येऊ शकतो. आपत्कालीन विभागातील एखाद्या नव्या कर्मचाऱ्याला हे माहीत नसेल, तर नातेवाइकांनीच ते सांगायचे असते.

जेवताना पहिल्या घासाला जबडा दुखणे, चेहरा लाल होणे, डोके दुखणे आणि जुलाब हे परिणाम या औषधाने अनेकांना होतात. त्यांची नोंद ठेवून पुढच्या भेटीत डॉक्टरांना सांगा. ते सहन होत नाहीत म्हणून पंपाचा दर घरच्या घरी कमी करू नका.

प्रतिसाद ५ (धागाकर्ती)

एकक तसेच ठेवले आहे आणि दर लिहिण्यासाठी तारखेचा रकाना आखला आहे. नळीविषयीची सूचना पहिल्या पानावर, नावाच्या लगेच खाली घेतली आहे. बाबांनी काल टिपण मोठ्याने वाचले, ‘एपो-प्रोस्टेनॉल’ न अडखळता उच्चारले, आणि दुसरा पंप कपाटातून काढून ताईच्या पलंगाशेजारच्या मेजावर ठेवला.