धागा : केस आपसात मिटली, कोर्टानं बंद केली. तुमच्याकडे काय झालं?

रामबागची_माई
परवा शेजारच्या घरून मुंजीची पत्रिका आली, हातात धरून बघतच बसले. याच घराशी आमची मोरीच्या पाण्यावरून मारामारी झाली होती, दोन्हीकडून एफआयआर. आमच्या दिरांच्या हातात सळई होती म्हणून कलम 324 (हत्यारानं मारहाण) लागलं, त्यांच्या मुलावरही तेच. वर्षभरात राग ओसरला, बायका पुन्हा भाजीवाल्याशी मिळून घासाघीस करायला लागल्या, केस मात्र चालूच. खालच्या कोर्टात म्हणाले 323 (साधी मारहाण) आपसात मिटवता येईल, 324 नाही. मग इंदूरच्या एमजी रोडला हायकोर्टात 482 चा, म्हणजे केस रद्द करायचा अर्ज. तिथे रजिस्ट्रारसमोर प्रत्येकाला विचारलं, कुणाचा दबाव आहे का, मर्जीनं करताय का. सासूबाई म्हणाल्या, "दबाव कसला साहेब, वीट आलाय." तुम्हीही लिहा.

भिया_पाटणीपुरा
मोरीच्या पाण्यावरून एफआयआर! इंदूर स्वच्छतेत पहिलं उगाच नाही येत 😄

स्नेहल_के
आमच्याकडे 498ए, सासरच्या छळाचं. बहिणीचं. परस्पर संमतीनं घटस्फोट, रक्कम हप्त्यांनी, शेवटचा डीडी हायकोर्टात जबाब द्यायच्या दिवशी. वकिलांनी बजावलं होतं, डीडी हातात येईपर्यंत सही नाही. सगळे म्हणाले छान मिटलं. ती कंटाळली होती, बस. तीन शहरांत तीन केसेस, नोकरी, आईचं बीपी. स्त्रीधनाच्या यादीवर तर असं भांडण की विचारू नका, ताम्हन आलं, पळी नाही आली. आई अजून पळीचं नाव काढते. कुकर लावलाय, नंतर लिहिते

माई (रामबागची_माई)
स्नेहल, बहीण आता बरी आहे ना ग?

काळा_कोट
बार रूममधून घाईत टाइप करतोय. 324 आधी मिटवता यायचं, पुढे कायद्यातल्या दुरुस्तीनं ते आपसात मिटवता येणाऱ्या गुन्ह्यांच्या यादीतून काढलं, म्हणून माईंना वर जावं लागलं. 498ए सुद्धा यादीत नाही, पण 2003 मध्ये बी. एस. जोशी प्रकरणात सुप्रीम कोर्ट म्हणालं की हायकोर्ट आपल्या अधिकारात रद्द करू शकतं. मग 2012 चा ग्यानसिंग निकाल. पैशाचे, घरगुती, मुख्यत्वे खासगी वाद असतील तर रद्द होईल. खून, बलात्कार, दरोडा नाही, तिथे फिर्यादीनं माफ केलं तरी गुन्हा समाजाविरुद्ध राहतो. 307 (खुनाचा प्रयत्न) असेल तर नुसतं कलम बघत नाहीत, मार कुठे लागला, हत्यार कोणतं, हे बघतात. 2019 चा लक्ष्मी नारायण निकाल आपल्याच मध्य प्रदेशचा आहे. आणि 1 जुलै 2024 पासून 482 च्या जागी नव्या नागरिक सुरक्षा संहितेचं 528, आणि ती यादी असलेल्या 320 च्या जागी 359. पुकारा झाला, जातो.

अप्पा_ग्वाल्हेर
माझ्या स्कूटरचा धक्का एका सद्गृहस्थांना. प्लॅस्टर, दवाखान्याचं बिल मी भरलं, दिवाळीत फराळ पाठवला, ते म्हणाले अप्पासाहेब सोडून द्या. लोक अदालतीत 337 (हयगयीनं इजा) मिटलं, पण 279 तसंच! म्हणे बेदरकार गाडी चालवणं हा रस्त्यावरच्या सगळ्यांविरुद्धचा गुन्हा, ते एकटे माफ कसे करणार. कबूल केलं, दंड भरला. दंड तेच भरायला निघाले होते, मी अडवलं. स्कूटर विकली नाही अजून. जुनी बजाज, किक एकदम फर्स्ट क्लास.

भिया_पाटणीपुरा
अप्पा, कितीला देताय?

बडोद्याची_नीता
तुमचं बरं, इंदूर काय ग्वाल्हेर काय, हायकोर्टाचं खंडपीठ दारात. आम्हाला असल्या सहीसाठी अहमदाबादला सोल्याच्या हायकोर्टापर्यंत जावं लागतं. पहाटे डबा करून निघायचं, आणि तिथे कळायचं की समोरची पार्टी आलीच नाही. काकांच्या वेळी समोरची पार्टी म्हणजे त्यांचा सख्खा साडू. दोघं एकाच ट्रेननं गेले असते तर काय बिघडलं असतं!

मृणाल_टी
सगळं गोड नाही हं. 2020 मध्ये आपल्याच इंदूर खंडपीठानं विनयभंगाच्या प्रकरणात आरोपीला जामीन देताना काय अट घातली होती आठवतंय? फिर्यादीच्या घरी जाऊन राखी बांधून घे. 2021 मध्ये सुप्रीम कोर्टानं ती काढली आणि बजावलं की अशा प्रकरणांत कोर्टानं तडजोड सुचवायचीच नाही. मोरीचं पाणी वेगळं आणि हे वेगळं. आमच्या कॉलनीत एका मुलीला घरच्यांनीच "जाऊ दे, बदनामी होईल" म्हणून गप्प बसवलं, तेही 'आपसात मिटलं' म्हणूनच सांगतात लोक.

स्नेहल_के
मृणाल 🙏 अगदी. माई, बहीण बरी आहे. पुण्याला बदली घेतली.

सराफ्याजवळचा
चेक बाऊन्स, 138. समोरचा तारखांवर तारखा घेत राहिला, साक्ष सुरू झाल्यावर त्याला तडजोड सुचली. 2010 च्या दामोदर प्रभू निकालानुसार उशिराबद्दल चेकच्या रकमेच्या 10 टक्के विधी सेवा प्राधिकरणाकडे भर म्हटल्यावर तोंड बघण्यासारखं झालं. मला त्यातलं काही मिळालं नाही, मूळ रक्कम आली. व्याज सोडलं. दुकान उघडायचंय, बाकी रात्री.

निनाद_वैशालीनगर
विषय सोडून विचारतो. माझी केस हायकोर्टातून रद्द झालीय, पोलिस व्हेरिफिकेशनला अजून दिसेल का?

काळा_कोट
आदेशाची प्रमाणित प्रत काढ, ठाण्यात अर्जासोबत दे, पोच घे. रेकॉर्ड आपोआप अपडेट होईल या भरवशावर राहू नको. आणि फॉर्ममध्ये काय विचारलंय ते नीट वाच, 'प्रलंबित आहे का' आणि 'कधी होती का' यांची उत्तरं वेगळी.

निनाद_वैशालीनगर
धन्यवाद दादा. प्रत बाबांनी लॅमिनेट करून ठेवलीय 😑

काळा_कोट
अरे देवा. दुसरी काढ.