मदत हवी आहे: अनेक विश्वांची वेळ दाखवणारं जादूचं घटिकापात्र

नमस्कार मंडळी, एक अद्भुतकथा लिहितेय. त्यातल्या एका यंत्रापाशी गाडं अडलंय.

पाण्याने भरलेलं मोठं घंगाळ, त्यात तांब्याच्या सात वाट्या तरंगतायत, प्रत्येकीच्या बुडाला केसाएवढं छिद्र. एक वाटी म्हणजे एक विश्व. आपली वाटी नेहमीसारखी 24 मिनिटांत बुडते, बाकीच्या आपापल्या गतीने. एक तर उलटीच चालते: तळाशी गेलेली हळूहळू वर येते आणि तिच्यातलं पाणी छिद्रातून निथळत जातं. (हे दृश्य मी काही केल्या काढणार नाही!)

अडचण अशी, की सगळ्या वाट्या ‘एकाच वेळी’ सोडल्या म्हणजे नक्की कोणाच्या वेळी? आपल्याच विश्वात हा घोळ आहे. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा रोज साधारण 38 मायक्रोसेकंद पुढे जातात, तो फरक भरून काढावा लागतो. पण तिथे निदान सेकंद सर्वांचा एकच, सीझियम अणूच्या प्रारणाची 9,19,26,31,770 आवर्तनं. दुसऱ्या विश्वात सीझियमच नसेल तर?

नायिकेच्या नाडीचे ठोके हेच माप धरावं असं मनात आहे. पण मग ती जरा धावली की सातही विश्वांचा हिशेब बिघडणार.

भौतिकशास्त्रवाल्यांनो, वाचकाला पटेल असा एखादा नियम सुचवाल का? ‘जादू आहे, सगळं चालतं’ एवढं सोडून काहीही सांगा.