शब्दचर्चा : ताबा, कब्जा, वहिवाट आणि मालकी

प्रश्न

भावकीतल्या जमिनीचा दावा लावायचा आहे. वकिलांनी दिलेल्या मसुद्यात पहिलंच वाक्य असं आहे : ‘दावा मिळकत ही वादीचे मालकी व कब्जेवहिवाटीची असून प्रतिवादीचा तिच्याशी काडीमात्र संबंध नाही.’ मालकी समजली. कब्जा म्हणजे ताबाच ना? मग वहिवाट वेगळी कशाला लिहायची? आणि सगळं गाव ‘जमीन बळकावली’ म्हणतंय, तो शब्द मसुद्यात कुठेच नाही.

उत्तर

ताई, कब्जा आणि ताबा यांत कायद्याच्या दृष्टीने फरक नाही. दोन्ही शब्द अरबीतून आले. बोलण्यात मात्र ‘कब्जा केला’ म्हटलं की जबरदस्ती ऐकू येते, दस्तात तसं नसतं. कोणतंही खरेदीखत काढून बघा : ‘मिळकतीचा प्रत्यक्ष खुला कब्जा आज रोजी लिहून घेणार यांस दिला आहे.’ इथे कब्जा राजीखुशीने दिलेला असतो. बातम्यांतला कब्जा डोक्यात ठेवून दस्त वाचला की घोळ होतो.

वहिवाट म्हणजे वर्षानुवर्षांचा वापर. पेरणी, काढणी, विहिरीचं पाणी, गोठा, शेतसारा हे सगळं त्यात आलं. कब्जा आहे हे सांगायचं आणि वहिवाटीने ते दाखवायचं, म्हणून दोन्ही शब्द एकत्र येतात. पीकपाहणीच्या नोंदी, साऱ्याच्या पावत्या, पंपाचं वीजबिल, बांधालगतच्या शेतकऱ्याची साक्ष हा वहिवाटीचा पुरावा. ‘वहिवाट’ लिहून त्यामागे काहीच जोडलं नाही, तर उलटतपासणीत तो शब्द पोकळ पडतो.

‘बळकावली’ हा शब्द मसुद्यात नाही हे वकिलांनी बरोबर केलं. त्यात राग आहे, तपशील नाही. कोर्टाला कोणी, केव्हा, कुठल्या बाजूने आणि किती क्षेत्र घेतलं हे लागतं. ‘प्रतिवादीने पूर्वेकडील बांध कोरून दावा मिळकतीपैकी ४ गुंठे क्षेत्रावर अतिक्रमण केले’ असं लिहून हद्दकायम मोजणीचा नकाशा जोडला, की दावा उभा राहतो. चतुःसीमा नीट नसल्या तर जिंकूनही हुकूमनाम्याची (कोर्टाच्या अंतिम आदेशाची) अंमलबजावणी अडते.

तारीख तर फारच जपून लिहा. संमतीशिवाय आणि कायद्याचा मार्ग सोडून तुम्हाला बेदखल केलं असेल, तर विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली ६ महिन्यांच्या आत दावा करता येतो. तिथे मालकी सिद्ध करावी लागत नाही, आधीचा ताबा आणि तो कसा गेला एवढंच पाहतात. त्या निकालावर अपील नाही. मात्र हा दावा सरकारविरुद्ध चालत नाही. मुदत उलटली तर मालकीच्या आधारे ताब्याचा दावा करायचा. त्याला मुदत कायद्याने १२ वर्षं दिली आहेत.

प्रश्न

सातबारा माझ्या नावावर आहे. मग मालकी आणखी काय सिद्ध करायची?

उत्तर

सगळ्यात जास्त माणसं इथेच फसतात, आणि त्याचं मला मनापासून वाईट वाटतं. सातबारा म्हणजे गाव नमुना ७ आणि १२, पहिला अधिकार अभिलेख, दुसरा पिकांची नोंदवही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे त्यातली नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानतात. ‘उलट सिद्ध होईपर्यंत’ ही अट लोक वाचतच नाहीत. फेरफार म्हणजे हक्कबदलाची नोंद. त्याने मालकी जन्मत नाही, तो महसुलाच्या कामापुरता असतो, असं सर्वोच्च न्यायालय सातत्याने सांगत आलंय. मालकी येते ती खरेदीखत, वाटणी, वारसा, मृत्युपत्र, बक्षीसपत्र यांतून. उलट बाजूने तेवढाच दिलासा : चुलत्याने परस्पर फेरफार मंजूर करून घेतला म्हणून तुमचा हिस्सा बुडत नाही.

मागणीचे शब्दही तपासा. मालकीवरच गंभीर वाद असेल तर नुसता मनाई हुकूम मागून भागत नाही, ‘मालकी जाहीर करून मिळावी’ हेही मागावं लागतं. २००८ च्या अनाथुला सुधाकर निकालात हे फार स्वच्छ मांडलंय.

प्रश्न

समोरच्याने कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, ‘प्रतिकूल ताब्याने मालक’ असं लिहिलंय, आणि त्याच परिच्छेदात ‘वडिलोपार्जित मालक’सुद्धा.

उत्तर

मग त्याने स्वतःच्याच पायावर धोंडा पाडून घेतलाय. प्रतिकूल ताबा म्हणायचं तर आधी मान्य करावं लागतं की मालक दुसरा आहे, आणि त्याच्या डोळ्यांदेखत, त्याचा हक्क नाकारून, उघड आणि अखंड १२ वर्षं मी जमीन धरली. दोन्ही भूमिका एकमेकींना छेद देतात, हे कर्नाटक वक्फ मंडळाच्या खटल्यात (२००४) सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय. ‘चोरून’, ‘परवानगीने’ आणि ‘वाट्याने’ कसलेली जमीन यात बसत नाही. भावकीत तर हे आणखी अवघड, कारण एका सहहिस्सेदाराचा ताबा सर्वांच्या वतीने मानतात.

गोव्याहून

वरच्या ‘परवानगीने’ या शब्दाला जोड देतो. आमच्याकडच्या एका घरावरून बहीण-भावाचा वाद थेट सर्वोच्च न्यायालयात गेला होता. राखणदार, नोकर किंवा आपुलकीने राहू दिलेला माणूस कितीही वर्षं राहिला तरी त्याचा ताबा मालकाच्या वतीनेच, असं २०१२ मध्ये ठरलं. मुंडकार मात्र वेगळा : तो भाटकाराच्या (जमीनमालकाच्या) संमतीने राहतो, पण १९७५ च्या कायद्याने त्याला घर सोडायला लावता येत नाही. म्हणून इथे ‘राखणदार’ की ‘मुंडकार’ यावरच खटले लढवले जातात. बनावट जुने दस्त करून परगावी, परदेशी गेलेल्यांच्या मिळकती लाटल्याची प्रकरणं इतकी वाढली, की २०२२ मध्ये सरकारला विशेष तपास पथक आणि एकसदस्यीय आयोग नेमावा लागला. परदेशातल्या नातेवाइकांना सांगा, वर्षातून एकदा तरी एक-चौदाचा उतारा (आमचा सातबारा) काढून बघा.

आणखी एक, रस्त्याबद्दल

‘वहिवाटीचा रस्ता’ हा शब्द सैल वापरू नका. पूर्वीपासून असलेला रस्ता कोणी अडवला, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली, अडथळा झाल्यापासून ६ महिन्यांत तहसीलदारांकडे जायचं. रस्ता नव्हताच आणि बांधावरून नवा हवा असेल, तर महसूल संहितेचं कलम १४३. कलम १४३ च्या अर्जात ‘वडिलांपासूनचा वहिवाटीचा रस्ता’ लिहिलं की समोरचा वकील तेच बोट धरून विचारतो : रस्ता होता की नव्हता?